गेटवरच्या पाण्याचा विषय यंदाच्या सभेत घ्या

प्रति,
मुंबई, ठाणे, नवी मुंबई, पुणे आणि जिथे जिथे सहकारी गृहनिर्माण संस्था आहेत, तिथल्या व्यवस्थापक समित्यांचे अध्यक्ष, सचिव, खजिनदार आणि सदस्य यांस,

सप्रेम नमस्कार.

31 मार्चला आर्थिक वर्ष संपलं की तुमची धावपळ सुरू होते. ऑडिट, थकबाकीदारांची यादी, गच्चीच्या वॉटरप्रूफिंगची कोटेशनं, आणि मग 30 सप्टेंबरच्या आत वार्षिक सर्वसाधारण सभा. हे काम बिनपगारी असतं आणि त्यात कौतुकापेक्षा बोलणीच जास्त खावी लागतात. ज्या सोसायटीत मी वर्षानुवर्षं राहते तिथे हे रोज बघते, म्हणून आधी मनापासून आभार मानते. सोसायटीतल्या एकट्यादुकट्या भल्या माणसाकडे नसते अशी एक ताकद तुमच्याकडे आहे. ती वापरा, एवढी विनंती करायला हे पत्र लिहिते आहे.

26 जुलै 2005 चा मंगळवार मुंबईत राहणारं कुणी विसरलेलं नाही. सांताक्रूझला चोवीस तासांत 944 मिलिमीटर पाऊस पडला. लोकल ठप्प, बसगाड्या पाण्यात, फोन लागेनात. लाखो माणसं कमरेएवढ्या पाण्यातून अंधारात घराकडे चालत निघाली होती. त्या रात्री किती तरी सोसायट्यांच्या फाटकांत चहाची पातेली आणि बिस्किटांचे पुडे घेऊन लोक उभे होते. चिंब भिजलेल्या अनोळखी बायकांना ‘ताई, वर चला, कपडे बदला, उजाडल्यावर जा’ म्हणत घरात घेतलं गेलं. कोण कुठली, कुठल्या जातीची, कुठल्या धर्माची, हे कुणी विचारलं नाही. 29 ऑगस्ट 2017 ला शहर पुन्हा बुडालं तेव्हाही तेच झालं. गणपतीचे दिवस होते, मंडळांच्या मांडवांत अडकलेल्यांना आसरा मिळाला, गुरुद्वारांनी दारं उघडली. 2020 च्या टाळेबंदीत मजुरांचे तांडे मुंबईहून नाशिकच्या रस्त्याने कसाऱ्याचा घाट चढत होते, तेव्हाही वाटेवरची माणसं पाणी, केळी आणि चपला घेऊन उभी राहिली.

म्हणजे माया आपल्याकडे कमी नाही. संकट आलं की ती ओसंडून वाहते. मला काळजी वाटते ती संकट नसलेल्या दिवसांची, एखाद्या साध्या बुधवारी दुपारी अडीच वाजता त्याच फाटकात काय होतं, याची.

त्या फाटकाशी लावलेल्या सूचना तुम्ही रोज बघता. ‘डिलिव्हरी करणाऱ्यांनी व घरकाम करणाऱ्यांनी मुख्य लिफ्ट वापरू नये.’ ‘सुरक्षारक्षकाने ड्युटीवर बसू नये.’ ‘सोसायटीचे स्वच्छतागृह बाहेरच्या व्यक्तींसाठी नाही.’ यातली प्रत्येक ओळ कुठल्या ना कुठल्या कमिटीने बैठकीत बसून, चहा पिता पिता, एकमताने मंजूर केलेली असते. आणि मला खात्री आहे की ती मंजूर करणाऱ्यांपैकी कुणीही दुष्ट नसतं. कदाचित त्यांच्यातलाच एखादा 2005 च्या त्या रात्री पातेलं धरून उभा असेल.

ओळखीच्या एका सोसायटीत घडलेली गोष्ट सांगते. दुसऱ्या मजल्यावरच्या एका काकूंनी एप्रिलमध्ये गेटच्या आतल्या बाजूला माठ ठेवला. वर झाकण, बाजूला दोन पेले, रोज सकाळी स्वतः घासून भरायच्या. कुरिअरवाला, भाजीवाला, जेवणाची पार्सलं आणणारी पोरं, कचरा उचलणाऱ्या बाया, सगळे दोन घोट पिऊन पुढे जायचे. आठवडाभरात कमिटीकडे तक्रारी गेल्या. डास होतील. गेटवर गर्दी होते आहे. कुणी पाण्यात काही टाकलं तर जबाबदारी कुणाची? एकेकटा प्रश्न घेतला तर त्यात चुकीचं काही नाही, आणि प्रत्येकाला साधं उत्तरही होतं. पण उत्तर शोधायला कुणी बसलं नाही. सचिवांनी एक फोन केला आणि माठ उचलला गेला. काकूंनी वाद घातला नाही. सोसायटीत सगळ्यांना रोज तोंड द्यायचं असतं, त्यांचं वय झालेलं, मुलं परदेशी. माठ हटवायला एक फोन पुरला, तो ठेवायला मात्र ठराव लागला असता.

मला जे म्हणायचं आहे ते सगळं या माठात आलं. आपण चांगुलपणा माणसांच्या मर्जीवर सोडला आहे आणि अडवणूक मात्र नियमात बसवली आहे. चांगुलपणा दमतो, घर बदलतो, म्हातारा होतो. नोटीस बोर्डावरचा कागद वर्षानुवर्षं तिथेच असतो. म्हणून दयाळू व्हा असा उपदेश मी तुम्हाला करणार नाही, तुम्ही आहातच. तुमच्यातली ही दया इतिवृत्तात उतरवा, एवढंच मागते आहे.

पाण्याचंच बघा. महाराष्ट्रात हा प्रश्न कधीच नुसत्या तहानेचा नव्हता. 1868 मध्ये जोतीराव फुल्यांनी पुण्यात आपल्या घरचा हौद अस्पृश्यांसाठी खुला केला. त्यांनी कुणाची परवानगी मागितली नाही, कारण हौद त्यांचा होता. सार्वजनिक पाण्यापर्यंत पोचायला मात्र त्यापुढे अर्धं शतक लागलं. 1923 मध्ये मुंबई विधिमंडळात सी. के. बोले यांचा ठराव मंजूर झाला, सार्वजनिक पाणवठे, धर्मशाळा, शाळा सर्वांना खुल्या असतील म्हणून. पुढच्याच वर्षी महाडच्या नगरपालिकेने तो स्वीकारलाही. तरीही अस्पृश्यांपैकी कुणी चवदार तळ्यावर जाऊ शकत नव्हतं. 20 मार्च 1927 ला डॉ. बाबासाहेब आंबेडकर हजारो माणसांना घेऊन तळ्यावर गेले आणि ओंजळभर पाणी प्यायले, तेव्हा कुठे कागदावरच्या ओळीत जीव आला. त्याची किंमत त्या माणसांनी त्याच दिवशी मार खाऊन मोजली. पुढे 1970 च्या दशकात बाबा आढाव आणि त्यांच्या साथींना ‘एक गाव एक पाणवठा’ म्हणत गावोगाव फिरावं लागलं, कारण स्वातंत्र्य मिळून पंचवीस वर्षं झाली तरी विहिरी वेगळ्याच होत्या.

हा इतिहास मी मोठ्या गोष्टी छोट्या ठिकाणी आणून ठेवायच्या म्हणून सांगत नाही. सोसायटीचं गेट म्हणजे महाड नव्हे, हे मलाही कळतं. पण वॉचमनसाठी वेगळा ठेवलेला कप, मावशींसाठी खिडकीत उपडा घातलेला वेगळा पेला, ‘त्यांची’ लिफ्ट आणि ‘आपली’ लिफ्ट, हे सगळं कुठून आलं आहे हेही आपल्याला कळतं. महाडने आणखी एक गोष्ट शिकवली आहे. ठराव हवा, आणि ठरावावर चालणारे पायही हवेत. दोन्हींपैकी एकानेच भागत नाही.

आणि पाणी देण्याची रीत आपल्याला कुणी शिकवायची गरज नाही. विदर्भात उन्हाळा लागला की एसटी स्टँडबाहेर, बाजाराच्या तोंडाशी, देवळापाशी पाणपोया लागतात. ओल्या फडक्यात गुंडाळलेले रांजण, वर गवताचं नाहीतर तट्ट्याचं छप्पर, पाणी ओतून देणारं एखादं माणूस. कुणाच्या आईच्या, कुणाच्या आजोबांच्या स्मरणार्थ ती चालवलेली असते. चाळीस-पंचेचाळीस अंशांच्या उन्हात सायकल टेकवून प्यायला आलेल्याला कुणी विचारत नाही की कुठे चाललास. शहरात आपण मिनरल वॉटरचे वीस लिटरचे जार वर नेऊन देणाऱ्या पोराला पाणी विचारायला विसरतो. हे निर्दयपणामुळे होतं असं मी म्हणणार नाही. तो दारात उभा असेपर्यंत आपलं लक्ष मोबाइलवरच्या ओटीपीत असतं, आणि मग दार लागलेलं असतं. म्हणूनच पाणी दारावर नको, गेटवर हवं. कुणाच्या लक्षात राहण्यावर ते अवलंबून नसलं पाहिजे.

आता लिफ्ट. घरगुती गॅसच्या टाकीत 14.2 किलो गॅस असतो आणि लोखंडाचं वजन जवळपास तेवढंच. सुमारे तीस किलोंचं हे ओझं खांद्यावर घेऊन माणूस जिने चढतो, कारण सर्व्हिस लिफ्ट दुरुस्तीला आहे आणि मुख्य लिफ्टमध्ये त्याला मज्जाव आहे. सात मजल्यांच्या इमारतीत हे रोज घडतं. लिफ्टच्या फरशीला ओरखडे पडतात, वास येतो, लोकांना वाट बघावी लागते, ही कारणं मी सभांमध्ये ऐकली आहेत. बांधकामाचा राबिट, फर्निचर, सिलिंडर यांसाठी वेगळी लिफ्ट ठेवायची तर जरूर ठेवा, त्यात समजूतदारपणा आहे. मग नियम सामानावर करा. माणसावर का? रिकाम्या हातांनी पोळ्या लाटायला चाललेल्या बाईला कुठल्या लिफ्टने जायचं हे तिच्या कामावरून का ठरावं? तिच्याकडे आपण घराची किल्ली देतो. तान्हं मूल तिच्या कडेवर देऊन ऑफिसला जातो. अंथरुणाला खिळलेल्या आईला ती अंघोळ घालते. आणि खाली पाटी असते की तिने आपल्यासोबत लिफ्टमध्ये उभं राहू नये. ही पाटी रोज वाचत वर येणाऱ्या माणसाला काय वाटत असेल, याचा विचार बैठकीत एकदा तरी मोठ्याने बोलून करा. मला वाटतं, मोठ्याने बोललं तर ती पाटी कुठल्याच सोसायटीत टिकणार नाही.

स्वच्छतागृहाचा विषय सभेत निघाला की लोक खाली बघतात, म्हणून तो निघतच नाही. मी स्पष्टच लिहिते. सकाळी सातला घराबाहेर पडलेली बाई चार-पाच घरांची कामं करून दुपारी दोन-तीनला परतते. त्यातल्या बहुतेक घरांत तिला बाथरूम घासायला सांगतात आणि वापरायची सोय नसते. मग ती पाणी कमी पिते. मे महिन्यातसुद्धा. पाळीच्या दिवसांतसुद्धा. पाणी कमी पिण्याने, तासन्‌तास लघवी तुंबवण्याने बायकांना मूत्रमार्गाचे संसर्ग होतात, हे कुठलीही डॉक्टर सांगेल. मुंबईत 2011 पासून ‘राइट टू पी’ चळवळीतल्या बायका सार्वजनिक मुताऱ्यांसाठी महापालिकेशी झगडत आल्या. आपल्या इमारतीखाली मात्र बऱ्याचदा एक स्वच्छतागृह आधीच बांधलेलं असतं. त्यात जुन्या कुंड्या, रंगाचे डबे आणि गणपतीच्या मखराचे थर्माकोल भरून कुलूप घातलेलं असतं. ते कुलूप काढा. आतून कडी बसवा, दिवा लावा, साबण ठेवा, सफाईच्या कंत्राटात त्याची रोजची सफाई लिहा. या संपूर्ण पत्रातली एकच गोष्ट करणार असाल तर ही करा.

खुर्चीबद्दल फार लिहायला नको. केरळने 2018 मध्ये आणि तमिळनाडूने 2021 मध्ये दुकानांत काम करणाऱ्यांना बसण्याचा हक्क कायद्याने दिला, कारण साडीच्या दुकानांतल्या बाया दिवसभर उभ्या राहत होत्या. आपल्या गेटवर बारा-बारा तासांची पाळी करणाऱ्या माणसाला बसू द्यायला आपण कायद्याची वाट बघायची का? एक पाठ टेकणारी खुर्ची, एक पंखा, पावसाचे शिंतोडे न येणारी केबिन. बसलेला माणूसही गेट बघू शकतो.

इथे तुमच्यातले काही जण म्हणतील, आणि ते प्रामाणिकपणे म्हणतील, की त्यांना पगार मिळतो, आणखी काय करायचं? म्हणून एक गोष्ट निक्षून सांगते. दया ही हक्काच्या जागी बसवायची नसते. दिवाळीला मिठाईचा पुडा आणि पाचशेची नोट देऊन साप्ताहिक सुट्टी बुडवता येत नाही. सुरक्षारक्षकांसाठी महाराष्ट्रात 1981 चा कायदा आहे, त्याखाली मंडळं आहेत. घरकामगारांसाठी 2008 चा कल्याण मंडळाचा कायदा आहे. एजन्सीला आपण जे पैसे देतो त्यातले रक्षकाच्या हातात किती पडतात, भविष्य निर्वाह निधी भरला जातो का, हे विचारणं हे खजिनदारांचं काम आहे आणि मायेचंही. पुण्यात दारोदार कचरा गोळा करणाऱ्या कष्टकऱ्यांनी ‘स्वच्छ’ नावाची स्वतःची सहकारी संस्था उभी केली. सभासद, हिशेब, सभा, सगळं तिथेही आहे. तुमच्या दारात बादली उचलायला येणारी बाई कदाचित तुमच्यासारखीच एका सहकारी संस्थेची सभासद असेल. तिच्याशी बोलताना ते मनात असू द्या. ओला-सुका कचरा नीट वेगळा करून देणं, सॅनिटरी पॅड कागदात गुंडाळून त्यावर खूण करणं, फुटलेली काच वेगळी बांधणं, हे तिच्या उघड्या हातांवर केलेले रोजचे उपकार नाहीत, ती किमान रीत आहे. तरी सांगते, ज्या घरातून अशी पिशवी येते ते घर तिला ठाऊक असतं. मला एका कचरा उचलणाऱ्या ताईंनी बोटांनी दाखवली होती अशी घरं, मजल्यासकट.

सुरक्षेचा मुद्दा मी टाळत नाही. घरफोड्या होतात, म्हाताऱ्या माणसांना फसवणारे दारापर्यंत येतात. नोंदवही ठेवा, इंटरकॉम वापरा, ओळखपत्रं बघा. त्याने कुणाचा अपमान होत नाही. फरक बोलण्यात असतो. ‘दादा, कुठल्या घरी? इथे सही करा, पाणी तिकडे आहे’ असंही विचारता येतं, आणि ‘ए, थांब’ असंही. पहिल्या वाक्याने गेट जरासुद्धा ढिलं होत नाही. उलट ज्या गेटवर वॉचमन येणाऱ्याजाणाऱ्याला नावानिशी ओळखतो, तिथेच नवखा माणूस चटकन नजरेत भरतो.

आपल्या इमारतींत एकटे राहणारे ज्येष्ठ वाढत आहेत. दारावरची दुधाची पिशवी दुपारपर्यंत तशीच लटकलेली आहे, कालचा पेपर उचललेला नाही, हे आधी कुणाच्या लक्षात येतं? दूधवाल्याच्या, पेपर टाकणाऱ्या पोराच्या, झाडू मारणाऱ्या ताईंच्या. ज्यांना आपण ‘बाहेरचे’ म्हणतो तेच हे. असं काही दिसलं तर त्यांनी कुणाला सांगायचं, हे त्यांना माहीत असलं पाहिजे. आणि त्यांनी सांगितलं तर त्यांच्यावरच संशय घेतला जाणार नाही, हा भरवसाही त्यांना आपण दिला पाहिजे. आज तो नाही. ‘मी बेल वाजवली तर विचारतील तू वर कशाला गेलास’ हे वाक्य मी एका वॉचमनच्या तोंडून ऐकलं आहे.

खर्चाचं म्हणाल तर पन्नास घरांच्या सोसायटीत एक पाण्याचा फिल्टर, खुर्ची, पंखा आणि साबण यांचा वर्षभराचा भार प्रत्येक घराच्या मेंटेनन्समध्ये शोधूनही सापडणार नाही. लॉबीतल्या नव्या ग्रॅनाइटपेक्षा तो कितीतरी कमी आहे.

तर ठराव असा मांडता येईल: ‘संस्थेच्या प्रवेशद्वाराजवळ येणाऱ्याजाणाऱ्या सर्वांसाठी पिण्याच्या पाण्याची सोय करण्यात यावी. तळमजल्यावरील स्वच्छतागृह घरकामगार, सुरक्षारक्षक, सफाई कामगार व माल पोचवणाऱ्या व्यक्तींसाठी खुले ठेवून त्याची रोज सफाई व्हावी. लिफ्टच्या वापराचे नियम सामानापुरते मर्यादित असावेत. सुरक्षारक्षकास खुर्ची, पंखा व साप्ताहिक सुट्टी मिळते याची समितीने खात्री करावी. या बाबींसाठी समितीतील एका सदस्यास जबाबदार धरावे.’ शेवटचं वाक्य कृपा करून गाळू नका. ज्या कामाला एक नाव चिकटलेलं नसतं ते ऑक्टोबरपर्यंत विसरलं जातं.

हा विषय ‘अध्यक्षांच्या परवानगीने येणारे ऐन वेळचे विषय’ यात ढकलू नका. तिथे पोचेपर्यंत लोक उठून समोशांकडे वळलेले असतात. सभेची नोटीस 14 दिवस आधी निघते, तिच्यात पार्किंगच्या आधी त्याला क्रमांक द्या. आणि सभेच्या आधी एकदा वॉचमन, मावशी, कचरा उचलणाऱ्या ताई यांना विचारा की आम्ही काही विसरतोय का. मी ज्या गोष्टी लिहिल्या त्यांपेक्षा वेगळंच काही ते सांगतील, आणि तेच आधी करावं लागेल.

आमच्या सोसायटीत या ठरावाची सूचक म्हणून मी सही केली आहे. तुमच्याकडे सूचक कोण हे तुम्ही ठरवा. अनुमोदक मिळेल. दुसऱ्या मजल्यावर माठ उचलून परत घरात नेलेल्या एखाद्या काकू तुमच्याही इमारतीत असतील, त्यांना आधी विचारा.

आपली,
एक सभासद